वाचक विचारतात: धड न आरवणारा कोंबडा

प्रश्न: आमची काजूची बाग जंगलाला लागून आहे. रोज पहाटे तिथून एक कोंबडा ओरडतो पण धड आरवत नाही, सुरुवात जोरात आणि मध्येच कोणी गळा धरल्यासारखा बंद. सासरे म्हणतात हा रानकोंबडा, आपल्या गावठी कोंबड्या ह्याच्यापासूनच आल्या. खरंय का? आणि त्याची अंडी सापडली तर आमच्या खुडूक कोंबडीखाली ठेवली तर चालतील का? (एक वाचक, दोडामार्ग)

उत्तर: सासऱ्यांनी पक्षी बरोबर ओळखलाय. हा राखी रानकोंबडा, आणि आवाजाचं तुमचं वर्णन इतकं चपखल आहे की फोटो मागायची गरजच नाही. गावठी कोंबडा कुकूचकू करताना शेवट लांबवतो, हा "कुक्क, काया-काया, कुक्क" करून खटकन थांबतो आणि मग जवळ असाल तर खालच्या पट्टीत काहीतरी पुटपुटल्यासारखं ऐकू येतं. हा फक्त भारतातला पक्षी, सह्याद्री आणि दक्षिणेतली जंगलं हे त्याचं मुख्य घर, वर गुजरात, मध्य प्रदेश आणि राजस्थानात अबूपर्यंत सापडतो.

आता वंशावळ. इथे सासरे थोडे बरोबर, थोडे चूक. गावठी काय आणि ब्रॉयलर काय, सगळ्यांचा मूळ पूर्वज म्हणजे तांबडा रानकोंबडा, हिमालयाच्या पायथ्यापासून पार आग्नेय आशियापर्यंत राहणारा. 2020 साली शेकडो कोंबड्यांचे जीनोम (म्हणजे जनुकांचा संपूर्ण संच) तपासले तेव्हा पाळीव कोंबडीची मुळं नैर्ऋत्य चीन, उत्तर थायलंड, म्यानमार ह्या पट्ट्याकडे गेली. डार्विनचं मतही तेच होतं, तांबडा आणि फक्त तांबडा. पण 2008 मध्ये एक गंमत सापडली. तांबड्याचे पाय करडे असतात, मग आपल्या कितीतरी कोंबड्यांचे पाय पिवळे कुठून आले? दाण्या-पाल्यातून पोटात जाणारा पिवळा रंग त्वचेत मोडून टाकणारा एक जीन (जनुक) असतो, पिवळ्या पायाच्या कोंबडीत तो त्वचेपुरता मंदावलेला असतो, म्हणून रंग साठून राहतो. आणि जीनचं हे रूप तांबड्याकडून नाही, तुमच्या बागेतल्या ह्या राखीकडून आलंय! म्हणजे कधीतरी कुठल्यातरी वाडीत पाळीव कोंबड्यांशी राखीचा संबंध आला आणि तेवढी एक गोष्ट जगभर गेली. सासऱ्यांना सांगा, पूर्वज नाही पण पिवळ्या पायांपुरता सोयरा नक्की.

अंडी मात्र अजिबात उचलू नका. एक तर वन्यजीव कायद्याने ते गुन्हा आहे, आणि दुसरं म्हणजे अंडी उबतील हो, साधारण 21 दिवसांत पिल्लं बाहेर येतील, पण ती माणसाळत नाहीत, सतत बिथरलेली असतात आणि संधी मिळाली की झाडीत पसार. मादी झुडपाखाली जमीन थोडी उकरून पाचोळ्यावर चार ते सात अंडी घालते, बहुतेक फेब्रुवारी ते मेच्या दरम्यान, म्हणजे नेमकं तुमच्या काजूच्या सीझनला. बागेत बेणणी करताना मादी पायाखालून उठली तर तेवढा तुकडा तसाच सोडा ना, काय बिघडतंय.

बघायचाच असेल तर सूर्य उगवायच्या आत बागेच्या कडेला गुपचूप बसा. मी एकदा आंबोलीच्या रस्त्यावर असाच बसलो होतो, आधी पाचोळ्यात खरडल्याचा आवाज, मग मादी, तपकिरी, छातीवर काळ्या काठाचे पांढरे खवले, आणि तिच्या मागून तो आला, एक पाय उचलून तसाच थबकला, मान वळवली आणि मानेवरचे पिवळट ठिपके चमकले. ते ठिपके रंगाचे नाहीत बरं का, पिसाचं टोकच तिथे चपटं कडक होतं, लाखेचा थेंब वाळल्यासारखं. ह्याच पिसांपायी पूर्वी बरेच मारले गेले, विलायतेत मासे पकडायच्या गळाला ज्या खोट्या माशा बांधतात त्यांना ही पिसं लावायचे.

प्रश्न: आमच्या इथे उन्हाळ्यात रोज दिसणारा रानकोंबडा पावसाळ्यात गायबच होतो. स्थलांतर करतो का? (एक वाचक, महाबळेश्वर)

उत्तर: नाही हो, तिथेच असतो, पण ओळखू येत नाही. वीण संपली की जून ते सप्टेंबरमध्ये नर मानेची ती ठिपकेदार पिसं आणि शेपटीची लांब पिसं गाळतो आणि आरवणंही जवळपास बंद करतो, त्यात पावसाळ्यातली झाडी. दिवसभर जमिनीवर, रात्री झाडावर हा कार्यक्रम चालूच असतो. बांबू किंवा कारवीचं बी पडतं त्या वर्षी मात्र लक्ष ठेवा, एरवी एकटे-दुकटे फिरणारे हे पक्षी तेव्हा बी टिपायला मोठ्या संख्येने एकत्र येतात.