जग बुडालं तर दहा पोती तांदूळ पुरतात काय?

प्रश्न: आमचे हे रोज रात्री मोबाईलवर जग संपणार, लाईट-नेट कायमचं जाणार असले व्हिडिओ बघत बसतात. आता माजघरात दहा पोती तांदूळ आणून रचलाय, आणि वर म्हणतात कुणाला बोलू नको, वेळ आली की शेजारीच लुटायला येतील. खरंच असं होतं का हो?
– एक वाचक, खानापूर तालुका

उत्तर: ताई, आधी ती पोती उघडून बघा, कारण जग राहूदे, पावसाळ्यात सोंडेच निम्मा तांदूळ खातील. जुनी माणसं कणगीत तांदूळ नाही, भात ठेवायची, टरफलात दाणा टिकतो. पण मग लाईट नसताना गिरण कशी चालणार, म्हणजे उखळ-मुसळ पाहिजे, आणि ते तुमच्या गल्लीत कुणाकडे आहे? बहुतेक त्याच शेजारणीकडे असणार जिच्यापासून हे तांदूळ लपवूलालेत!

लुटालुटीचं म्हणाल तर अमेरिकेत ओहायो स्टेट विद्यापीठात 1963 साली आपत्तींचा अभ्यास करणारं केंद्रच काढलं, पूर भूकंप वादळ सगळीकडे जाऊन बघितलं त्यांनी, तर घाबरून सैरावैरा पळणं आणि लूट हे सिनेमात दिसतं त्यापेक्षा फार कमी, मदतीला पहिला पोचतो तो शेजारीच. आपल्याकडं 2019 च्या ऑगस्टमध्ये निपाणीजवळ यमगर्णीला हायवेवर पाणी आलं, ट्रकच्या रांगा लागल्या, तेव्हा काय झालं आठवा की. आसपासच्या लोकांनी चहा-भात नेऊन दिला ड्रायव्हरांना.

पण सगळंच गोड नाही हं. लॉकडाऊनमध्ये गावोगावी रस्त्यावर काट्या टाकल्या, पुण्या-मुंबईहून आलेल्या आपल्याच पोरांना वेशीवर अडवलं. भूक लागली म्हणून नव्हे, रोगाची भीती म्हणून. 1896 ला मुंबईत प्लेग सुरू झाला, मग आपल्या भागातही आला, तेव्हा उंदीर पडले की लोक घरं मोकळी करून शिवारात झोपड्या घालून राहायचे, तिथंच चूल, तिथंच बाळंतपण, आणि साथ सरली की परत गावात.

तर यांना म्हणावं दोन पोती ठेवा, बाकीची विका. त्या पैशात मीठ, काडेपेट्या आणि विहिरीला चांगला दोर आणा, मोटार बंद पडली की पहिली बोंब पाण्याचीच होते. आणि उखळाची चौकशी तुम्हीच करा, ह्यांच्याच्यानं ते व्हायचं नाही.