रबरी पोशाखातला नट

प्रश्न : जुन्या जपानी चित्रपटांत गॉडझिलाच्या पोशाखात माणूस असे, असे वाचनात आले. ज्याचा चेहराच दिसत नाही, त्याला अभिनेता म्हणावे का? त्याची पुढची कारकीर्द कशी झाली?

उत्तर : निःसंकोच म्हणावे. हारुओ नाकाजिमा हे त्यांचे नाव. १९२९ मध्ये यामागाता प्रांतातील साकाता येथे जन्मलेले नाकाजिमा ‘तोहो’ या चित्रसंस्थेत किरकोळ भूमिका आणि साहसदृश्ये करीत असत. दिग्दर्शक कुरोसावा यांच्या ‘सेव्हन समुराय’ चित्रपटातील दरोडेखोरांत तेही आहेत. त्याच वर्षी, म्हणजे १९५४ मध्ये, त्यांच्या वाट्याला ‘गॉडझिला’ आला. त्या पहिल्या चित्रपटात हे काम कात्सुमी तेझुका यांनीही केले, परंतु मुख्य भार नाकाजिमा यांच्यावर होता. पहिला पोशाख सुमारे १०० किलो वजनाचा आणि इतका ताठर होता की, त्यात धड चालताही येईना. अखेर तो मधोमध कापून त्याचा खालचा भाग केवळ पायांच्या दृश्यांसाठी वापरावा लागला आणि नवा, थोडा हलका पोशाख घडवला गेला.

खरी अडचण वेगळीच होती. कथेतला प्राणी ५० मीटर उंच, पोशाख जेमतेम २ मीटरचा; म्हणजे भोवतीचे शहर पंचविसाव्या हिश्शाचे. एवढ्या लहान इमारती पडद्यावर अवजड भासाव्यात म्हणून विशेष दृश्यांचे दिग्दर्शक एइजी त्सुबुराया कॅमेरा नेहमीपेक्षा वेगाने चालवून चित्रण करीत. ते साध्या वेगाने दाखवले की पडझड आणि हालचाल दोन्ही संथ होत. याचा अर्थ असा की, पडद्यावर जे डुलत चाललेले दिसते, ते त्या जड रबरात, दिव्यांच्या उष्णतेत, घामाने निथळत प्रत्यक्षात बरेच झपाट्याने करावे लागे. अवाढव्य प्राणी कसे पाऊल टाकतात, मान कशी वळवतात, हे समजून घेण्यासाठी नाकाजिमा टोकियोच्या उएनो प्राणिसंग्रहालयात जाऊन हत्ती आणि अस्वले न्याहाळत बसले. भूमिकेचा अभ्यास याहून वेगळा काय असतो?

१९७२ पर्यंत त्यांनी १२ चित्रपटांत गॉडझिला साकारला. ‘रोदान’मध्ये ते पंखवाले राक्षसी पाखरू झाले; तारांना टांगलेल्या अवस्थेत चित्रण सुरू असताना तार तुटून ते खालच्या पाण्यात कोसळले, तरीही पुढे काम करीत राहिले. दूरचित्रवाणीवरील ‘अल्ट्रामॅन’ मालिकेतही त्यांनी राक्षस रंगवले. जपानी चित्रपटांचा पडता काळ आल्यावर तोहोने नटांचे करार थांबवले आणि या माणसाला संस्थेच्याच बोलिंग (जड चेंडू घरंगळवून खुंट्या पाडण्याचा खेळ) केंद्रात नोकरी करावी लागली, ही गोष्ट मला आजही बोचते. उतारवयात मात्र जगभरच्या चाहत्यांनी त्यांना आपल्या संमेलनांत सन्मानाने बोलावले. ऑगस्ट २०१७ मध्ये ते निवर्तले.

चेहऱ्याविषयी आपण विचारलेच आहे, तर १९६६ चा ‘वॉर ऑफ द गार्गँच्युआज’ अवश्य पाहावा. त्यातील गाइरा नावाच्या हिरव्या राक्षसाच्या मुखवट्याला डोळ्यांच्या जागा मोकळ्या ठेवल्या होत्या. तिथून माणसांकडे भुकेने पाहणारे डोळे नाकाजिमा यांचे स्वतःचे आहेत.