हेल्मेट कोपराला अडकवून काय उपयोग?

प्रश्न: मुलगा बाईकने एमआयडीसीत जातो, सेकंड शिफ्ट करून रात्री बाराला घरी येतो. हेल्मेट आहे पण कोपराला अडकवलेलं, म्हणतो जवळच तर जायचंय. माझा जीव टांगणीला लागतो. काय करू? – एक आई, सातारा

उत्तर: ताई, तुमची काळजी अगदी रास्त आहे. 2022 मध्ये देशात रस्त्यांवर 1,68,491 माणसं गेली, त्यात जवळपास 75 हजार टू-व्हीलरवरची, आणि 50 हजारांवर लोकांनी हेल्मेट घातलेलं नव्हतं. बाईकला ना पत्रा ना एअरबॅग, डोकं थेट डांबरावर. पट्टा न लावलेलं हेल्मेट तर पहिल्याच दणक्यात उडतं, म्हणून हनुवटीखालची क्लिप लावायलाच लावा, आयएसआयवालंच घ्या आणि एकदा जोरात आपटलं की बदला, वरून चांगलं दिसलं तरी आतला थर्माकोल दबलेला असतो. मागे बसणाऱ्यालाही कायद्याने हेल्मेट लागतं, हे बरेच जण विसरतात. पण मला जास्त भीती वाटते ती रात्रीच्या स्पीडची, रिकामा रस्ता दिसला की पोरं ॲक्सिलरेटर पिळतात आणि समोर विनालाईट उभी असलेली उसाची ट्रॉली अगदी जवळ गेल्यावरच दिसते. डोळे जड झाले असतील तर तिथेच अर्धा तास पड, उशीर झाला तरी मी ओरडणार नाही, असं त्याला आजच सांगून टाका.