बाळ काय सांगतंय? वाचकांचे प्रश्न, सिस्टरांची उत्तरं

या महिन्यात आलेल्या पत्रांत तान्ह्या बाळांच्या हालचालींबद्दलची पत्रं सगळ्यात जास्त आहेत. माझी नोकरी सोलापुरात, नवजात बाळांच्या कक्षात झाली. तिथे एक सवय लागली: बाळाची हालचाल कशी दिसते याच्याआधी ती कधी होते आणि आपण हात लावल्यावर थांबते का, हे बघायचं. चार पत्रं घेते.

प्रश्न : सिस्टर, आमचं घर अशोक चौकाच्या मागे आहे. शेजारी दिवसभर यंत्रमाग चालतात. माझं बाळ पाच आठवड्यांचं आहे. मागांच्या खडखडाटात गाढ झोपतं, पण एखादं झाकण पडलं की दोन्ही हात फेकून दचकतं आणि रडतं. सासूबाई म्हणतात, बाळ भ्यालंय, घट्ट बांधून ठेव. झोपेत मधूनच हसतं, हातपाय उडतात. ही आकडी तर नसेल?

उत्तर : ताई, तुम्ही लिहिलंय त्यावरून बाळाचं छान चाललंय. हात फेकणं, बोटं फाकणं, मग दोन्ही हात छातीशी जवळ आणणं आणि रडणं, ही प्रत्येक निरोगी तान्ह्यात असणारी क्रिया आहे. अर्न्स्ट मोरो या बालरोगतज्ज्ञांनी 1918 साली तिचं वर्णन केलं, म्हणून डॉक्टर तिला 'मोरो' म्हणतात. आवाजाने होते, तशी डोकं किंचित मागे गेल्यानेही होते. त्यामुळे झोपलेलं बाळ पाळण्यात ठेवताना आधी ढुंगण टेकवा, मग पाठ, आणि डोकं सगळ्यात शेवटी. छातीवर तळहात थोडा वेळ राहू द्या. निम्मं दचकणं तिथेच कमी होतं. चार ते सहा महिन्यांत ही क्रिया आपोआप मावळते. फक्त एकच हात उचलला जात असेल, किंवा सहा महिन्यांनंतरही हे जोरात होत असेल, तर दाखवून घ्या.

मागांच्या आवाजात झोपतं याचं नवल वाटू देऊ नका. पोटात असतानाही शेवटचे काही महिने त्याने तो आवाज ऐकलाय, आणि एकसारख्या आवाजाची सवय बाळं लवकर करून घेतात. नव्या, अचानक आवाजाला दचकतं म्हणजे ऐकू येत असल्याची चांगली खूण आहे. तरीही त्या भागातल्या सगळ्या आयांना मी आग्रहाने सांगते, की जन्मानंतर कानांची तपासणी झाली नसेल तर करून घ्या. 'मागांमुळे लक्ष देत नसेल' असं म्हणत बहिरेपण महिनोन्महिने लपून राहू शकतं.

झोपेतल्या उडण्याचं सांगते. फक्त झोपेत होतं आणि जाग आली की लगेच थांबतं, तर बहुतेक वेळा ते निर्धोक असतं. जागेपणी हनुवटी किंवा हात थरथरला, तर तो हळूच धरा, दुमडा. धरल्यावर थांबली तर ती थरथर, आकडी नव्हे. धरूनही आतून ठेका चालूच राहिला, डोळे एका बाजूला फिरले, बाळ निळसर पडलं किंवा दूध ओढेनासं झालं, तर तडक दवाखाना गाठा. जन्मानंतरच्या पहिल्या काही दिवसांतली सारखी थरथर रक्तातली साखर कमी झाल्यानेही होते, तीही दाखवायलाच हवी.

सासूबाईंचं बांधणं पूर्ण चुकीचं नाही. हात सैलसर गुंडाळले की बाळं शांत होतात. पण पाय सरळ ताणून बांधू नका. खुब्याच्या सांध्याला त्याने इजा होते. गुडघे वाकलेले आणि मांड्या मोकळ्या राहिल्या पाहिजेत. कुशीवर वळायला लागलं की गुंडाळणं बंद, आणि झोपवायचं नेहमी पाठीवर. एप्रिल-मेमध्ये आपल्याकडे पारा चाळिशीच्या वर जातो, तेव्हा एक पातळ सुती झबलं पुरतं. मानेला, पाठीला घाम, चेहरा लाल आणि नुसती चुळबुळ, हे बाळ उकडतंय म्हणून सांगत असतं. अंगावरचं दूध पिणाऱ्या बाळाला सहा महिन्यांपर्यंत वेगळं पाणी उन्हाळ्यातही लागत नाही. आणि आपल्या गावची चादर मोठ्यांसाठी कितीही चांगली असली तरी तान्ह्याच्या अंगावर ती जड होते, तोंडावर आली तर धोकाच.

झोपेतल्या हसण्याला सासूबाई सटवाई म्हणतात, म्हणू द्या. तुमच्याकडे बघून, तुमच्या हसण्याला उत्तर म्हणून येणारं हसू साधारण सहा ते आठ आठवड्यांत दिसेल. त्यासाठी चेहरा वीतभर अंतरावर न्या. या वयात त्याला तेवढंच नीट दिसतं.

प्रश्न : जुळे सोलापूरहून लिहितोय. आमची मुलगी दोन महिन्यांची आहे. रोज संध्याकाळी दोन-तीन तास रडते, पाय पोटाशी घेते, मुठी आवळते, हात चोखते. हात तोंडात गेला की पत्नी लगेच पाजायला घेते. आई म्हणते, दूध पुरत नाही, बाटली सुरू करा.

उत्तर : बाटलीची घाई करू नका. दूध पुरतंय का, हे रडण्यावरून ठरत नाही. चोवीस तासांत सहा किंवा जास्त वेळा लघवी आणि वाढतं वजन, यावरून ठरतं.

भुकेची बाळं रडायच्या कितीतरी आधी सांगतात. चाळवाचाळव होते, तोंड उघडतं, जीभ बाहेर येते, गालाला बोट लागलं की मान तिकडे वळते, मग हात तोंडाकडे जातो. रडणं सगळ्यात शेवटी. रडू लागलेल्या बाळाला आधी शांत करावं लागतं, तरच ते नीट ओढतं. मी कक्षात आयांना पिणाऱ्या बाळाच्या मुठी बघायला सांगायची. सुरुवातीला आवळलेल्या असतात, पोट भरत जातं तशा सुटतात. पण दोन महिन्यांच्या बाळाला स्वतःच्या हातांचा शोधही नुकताच लागत असतो, त्यामुळे नुकतं पिऊन झाल्यावर हात चोखत असेल तर ती भूक नाही.

थकलेलं बाळ वेगळं दिसतं: नजर शून्यात, चेहरा दुसरीकडे वळवलेला, बोटं फाकलेली, जांभया, उचक्या. तुम्ही तिन्हीसांजेची वेळ लिहिलीय. त्याच वेळी घरात माणसं परततात, टीव्ही लागतो, शेजारी बाळाला बघायला येतात. तोंड फिरवणाऱ्या मुलीला 'इकडे बघ, इकडे बघ' करत राहिलं की ती आणखी चिडते. दिवा मंद करा, एकाच माणसाने उभं धरून ढेकर काढा. पाय सायकलसारखे हळू फिरवले तर वायू सुटायला मदत होते. घुटी, ग्राइप वॉटर यांची गरज नाही. असं रडणं सहाव्या आठवड्याच्या आसपास सगळ्यात जास्त असतं आणि तीन-चार महिन्यांत ओसरतं.

हिरवी उलटी, शौचात रक्त, टाळू फुगलेली किंवा खोल गेलेली, दूध नाकारणं किंवा 100.4 फॅरेनहाइट ताप, यातलं काहीही असेल तर त्याच दिवशी डॉक्टर. आणि तुम्हा दोघांसाठी एक सांगते: रडणं सहन होईनासं झालं तर मुलीला पाळण्यात पाठीवर ठेवा आणि पाच मिनिटं दाराबाहेर उभे राहा. चिडून बाळाला गदगदा हलवलं तर मेंदूत रक्तस्राव होऊ शकतो. बाळाच्या वडिलांनी पत्र लिहिलं, याचा मला मनापासून आनंद झाला.

प्रश्न : बार्शीहून. नातू नऊ महिन्यांचा. सगळं डाव्या हाताने घेतो, उजवी मूठ मिटलेलीच असते. डावखुरा होणार का?

उत्तर : वर्षाच्या आत बाळ दोन्ही हात सारखे वापरतं. एकाच हाताची ओढ आणि दुसरी मूठ मिटलेली, हे या आठवड्यातच बालरोगतज्ज्ञांना दाखवा. व्यायामोपचार वेळेवर सुरू झाले तर पुष्कळ फरक पडतो.

प्रश्न : अक्कलकोट तालुक्यातून एक आजी लिहिते. नात सहा महिन्यांची आहे. झोपून उठली की मान पुढे टाकते, हात उघडते, परत सरळ होते. असं लागोपाठ दहा-बारा वेळा. शेजारणी म्हणतात, नमस्कार करते. पण आठ दिवसांपासून ती पहिल्यासारखी हसत नाही.

उत्तर : आजी, तुमचं पत्र हाती पडलं त्याच दिवशी मी तुम्हाला फोन केला, तेच इथे इतरांसाठी लिहिते. दचकणं एकदा होतं आणि त्याला कारण असतं. हे झटके कारण नसताना, माळेसारखे एकामागून एक येतात, बहुधा जाग आल्यावर. त्यात हसणं, बघणं, मान धरणं मागे पडू लागलं तर एक दिवसही थांबायचं नाही. ही आकडीचीच एक जात आहे. विल्यम वेस्ट नावाच्या इंग्लिश डॉक्टरांनी 1841 साली 'लॅन्सेट' या वैद्यकीय नियतकालिकाला पत्र लिहून आपल्या स्वतःच्या मुलात दिसलेले असेच झटके कळवले होते. त्यांच्या हाती तेव्हा उपाय नव्हता. आज मेंदूचा आलेख, म्हणजे ईईजी काढून निदान होतं, औषधं आहेत, आणि ती जितकी लवकर सुरू होतात तितकं मुलाचं शिकणं, बोलणं वाचण्याची शक्यता वाढते. तुमची नजर चांगली आहे, आजी. हसू कमी झाल्याचं आधी तुम्हीच टिपलंत.

डॉक्टरांसमोर झटका येईलच असं नाही, म्हणून मोबाइलवर व्हिडिओ घ्या. बाळाच्या अंगावरचं दुपटं काढा, उजेडाकडे ठेवा, चेहऱ्यापासून पायांपर्यंत सगळं दिसू द्या आणि माळ संपेपर्यंत थांबवू नका. व्हिडिओ नीट आला नाही म्हणून जाणं मात्र लांबवू नका. जाताना लसीकरणाचं कार्ड आणि जन्माच्या वेळचे कागद बरोबर घ्या. बाळाच्या तपासणीला घरी येणाऱ्या आशाताईला सोबत न्या. सरकारी रुग्णालयात कुठल्या विभागात जायचं ते तिला विचारा.