नफ्याचा वाटा राहू द्या, आधी हप्ता बघा

तुम्ही कॉमिक्सवरून अ‍ॅनिमेशनपटांच्या पटकथा लिहिता. नव्या कामासाठी निर्मात्याने दोन पर्याय दिलेत: पूर्ण फी, किंवा साठ टक्के फी आणि निव्वळ नफ्यात 3 टक्के वाटा. काय घ्यावं, हा तुमचा प्रश्न.

पूर्ण फी घ्या. जगभरात 28 कोटी डॉलरहून जास्त गल्ला जमवलेल्या ‘कमिंग टू अमेरिका’ या चित्रपटालाही स्टुडिओच्या हिशेबात निव्वळ नफा नव्हता. त्याची मूळ कल्पना देणारे अमेरिकी विनोदी लेखक आर्ट बुकवाल्ड त्यासाठी पॅरामाउंट स्टुडिओशी कोर्टात भांडले. 1990 मध्ये निकाल त्यांच्या बाजूने लागला खरा, पण तुम्हाला लिहायचंय की खटले लढायचेत?

आता तुमच्या पत्राची शेवटची ओळ. गेल्या वर्षी कमाई बरी झाली म्हणून विमा आणि गुंतवणूक एकत्र असलेली पॉलिसी घेतलीत: दहा वर्षं हप्ते, पंधराव्या वर्षी पैसे. पुढचे हप्ते म्हणे नफ्याच्या वाट्यातून जातील! अ‍ॅनिमेशनपट पूर्ण व्हायलाच तीन-चार वर्षं सहज जातात. तोवरचे हप्ते कोण भरणार?

गेल्या वर्षीची कमाई 100 धरा, हप्ता 30. ही फीसुद्धा 100 आहे, पण ती टप्प्याटप्प्याने मिळणार: रूपरेखा, पहिला खर्डा, दुरुस्त्या, शेवटचा हात. पहिल्या खर्ड्यानंतर काम थांबलं तर हातात 50. एजंटचं कमिशन आणि कर जाऊन उरले 35. हप्ता भरल्यावर 5 उरतात, त्यात वर्ष काढा. कादंबरीकार नाकारलेलं हस्तलिखित दुसऱ्या प्रकाशकाला देऊ शकतो. तुमची पात्रं कॉमिक्सच्या हक्कधारकाची, त्यामुळे थांबलेली पटकथा दुसऱ्या कुणाला विकताही येत नाही. असल्या धंद्यात दहा वर्षांचा ठरीव हप्ता विकणाऱ्याने तुमचं उत्पन्न पाहिलं नव्हतं, स्वतःचं कमिशन पाहिलं होतं.

आणि पॉलिसीचा तो ‘40 टक्के फायदा’? 300 भरून 420 मिळणार, पंधरा वर्षांनी. म्हणजे वर्षाला जेमतेम सव्वातीन टक्के.

पुढचा हप्ता भरू नका. बंद केल्यास काय परत मिळतं ते कंपनीकडून लेखी मागवा. काहीच मिळत नसेल तरी 30 वर पाणी सोडा, 270 वाचतील. घरी कुणी तुमच्यावर अवलंबून असेल तर निव्वळ मुदत विमा घ्या, म्हणजे गुंतवणूक नसलेला, फक्त मृत्यू झाल्यास घरच्यांना पैसे देणारा. त्यानंतरची बचत दीड वर्षाचा घरखर्च जमेपर्यंत बँकेतच.

करारावर सही करण्याआधी दोन गोष्टी लिहून घ्या: फीमध्ये दुरुस्तीच्या फेऱ्या किती, आणि काम मध्येच थांबलं तर किती पैसे मिळणार.