पहिला एआयबी१ ब्लॉट लावण्याआधी

ब्लॉट, म्हणजे वेस्टर्न ब्लॉट: प्रथिनं जेलमध्ये आकारानुसार वेगळी करायची, पडद्यावर उतरवायची आणि हवं ते प्रथिन अँटिबॉडीनं पट्ट्याच्या रूपात दाखवायचं. पट्टा दिसला नाही म्हणून लगेच अँटिबॉडीला नावं ठेवू नकोस. आधी ट्रान्सफर तपास, म्हणजे प्रथिन जेलमधून पडद्यावर उतरलं का ते बघ.

एआयबी१, म्हणजेच एसआरसी-३, हा इस्ट्रोजेन रिसेप्टरचा (इस्ट्रोजेन संप्रेरक ओळखणाऱ्या प्रथिनाचा) मदतनीस. प्रथिन चांगलंच दांडगं आहे, सुमारे १५५ किलोडाल्टन (प्रथिनाच्या वजनाचं एकक). नेहमीच्या १२ टक्के जेलवर ते वरच अडकून बसतं. ६ ते ८ टक्क्यांचं जेल घे, ट्रान्सफर टाकीत, ४ अंशांवर, रात्रभर. घाई असेल तर हा प्रयोग त्या दिवशी करूच नकोस.

दुसरी गोष्ट कंट्रोलची, म्हणजे पडताळणीच्या नमुन्यांची, आणि इथेच बहुतेक जण फसतात. एमसीएफ-७ या स्तनकर्करोगाच्या पेशींमध्ये या जनुकाच्या प्रती वाढलेल्या असतात, त्यामुळे तिथे पट्टा यायलाच हवा. पण शेजारी एसआयआरएनए (ठरावीक जनुक गप्प करणारा छोटा आरएनए) देऊन प्रथिन घटवलेला नमुनाही हवा. एसआरसी-१ आणि एसआरसी-२ ही त्याची भावंडं जवळपास त्याच वजनाची. पट्टा योग्य उंचीवर आला म्हणजे तो एआयबी१चाच, असं नाही; घटवलेल्या नमुन्यात तो फिका पडायला हवा. मी स्वतः भलत्याच पट्ट्यावर दोन महिने घालवलेत!

नवख्यांच्या आणखी काही चुका:
- अँटिबॉडी पुन्हा पुन्हा गोठवणं-वितळवणं.
- ब्लॉटला चालते म्हणून पॅराफिनच्या काचपट्टीवरही (मेणात बसवलेल्या ऊतीच्या कापावर) चालेल असं गृहीत धरणं.
- वहीत अँटिबॉडीचा लॉट नंबर (बॅचचा क्रमांक) न लिहिणं. (हे सगळेच करतात.)

इम्युनोप्रेसिपिटेशनचं (अँटिबॉडीनं प्रथिन नमुन्यातून ओढून वेगळं करण्याचं) नंतर बघू. आधी हाच ब्लॉट तीनदा सारखा येऊ दे, मग फोटो पाठव.