नुसता नंबर टाकला तर काय बिघडतंय?

प्रश्न: सर, माझं महाद्वार रोडला छोटं डीटीपीचं दुकान आहे, लग्नपत्रिका, बिलबुकं, फ्लेक्सची डिझाइनं आणि झेरॉक्स. कोरल, फोटोशॉप ही डिझाइनची सॉफ्टवेअरं, त्यांची की, म्हणजे सॉफ्टवेअर चालू करायचा नंबर, आमच्या कॉम्प्युटरवाल्यानं कुठनंतरी आणून टाकली. मध्ये कोरल बंद पडलं तेव्हा तो अँटीव्हायरस बंद करून काहीतरी पॅच मारून गेला. भाऊ म्हणतो हे काढून टाक, पण नुसता नंबर तर टाकलाय, त्यात व्हायरस कुठनं येणार?
– एक वाचक, कोल्हापूर

उत्तर: ताई, तुमचं अर्धं बरोबर आहे. नंबरात व्हायरस नसतो, ती नुसती आकड्या-अक्षरांची ओळ. पण तोच नंबर शेकडो जणांनी टाकला की कंपनीच्या सर्व्हरला ते कळतं आणि नंबर ब्लॉक होतो, तुमचं कोरल बंद पडलं ते बहुतेक यामुळंच. खरी भानगड त्याच्या पुढं सुरू होते, कारण मग पॅच लागतो, आणि पॅच म्हणजे कुणा अनोळखी माणसानं लिहिलेला प्रोग्राम, जो तुम्ही अँटीव्हायरस बंद करून, ॲडमिनचा हक्क देऊन स्वतःच्या हातानं आत घेता. पॅच ज्या झिप फाइलमधनं येतो, तिच्यात एक छोटी टेक्स्ट फाइल असते बघा, त्यात पहिलीच ओळ असते की आधी अँटीव्हायरस बंद करा. ती ओळ वाचली की मला धडकीच भरते.

उद्यमनगरातल्या एका वर्कशॉपचा कॉम्प्युटर माझ्याकडं आला होता, क्रॅक, म्हणजे सॉफ्टवेअरचं कुलूप तोडणारा असलाच पॅच, टाकलेला. सगळ्या ड्रॉइंगच्या नावांपुढं चार विचित्र अक्षरं चिकटलेली, एकही उघडेना, आणि प्रत्येक फोल्डरमध्ये चिठ्ठी: ९८० डॉलर द्या, ७२ तासांत दिलेत तर ४९०. हा स्टॉप-डीजेव्हीयू नावाचा रॅन्समवेअर, म्हणजे फाइली कुलूपबंद करून खंडणी मागणारा व्हायरस, तो पसरतोच मुळात क्रॅक आणि कीजेनमधनं (कीजेन म्हणजे खोटे नंबर बनवणारा प्रोग्राम). बॅकअपची हार्डडिस्कसुद्धा मशीनलाच लावलेली होती, तीही गेली. मालक खुर्चीत नुसते बसून राहिले, ते मी विसरलेलो नाही.

पॅचमधनं येणाऱ्या व्हायरसचा दुसरा प्रकार गुपचूप चालतो. ब्राउझरमध्ये सेव्ह केलेले पासवर्ड आणि चालू लॉगिन उचलून नेतो, मग ओटीपी न विचारताही कुणी तुमच्या मेलमध्ये शिरू शकतं. तुमच्याकडं तर झेरॉक्सला आलेल्या लोकांची आधारकार्डंही पडलेली असणार, म्हणून मला जास्त काळजी वाटते.

कायद्याचंही सांगतो. कॉपीराइट कायदा १९५७, कलम ६३-ब: माहीत असून चोरीचं सॉफ्टवेअर वापरलं तर ७ दिवस ते ३ वर्षं कैद आणि ५० हजार ते २ लाख दंड. धंद्यासाठी वापर नसेल तर कोर्ट कैद टाळू शकतं, पण तुमचा तर धंदाच आहे.

ऑनलाइन चार-पाचशेला मिळणाऱ्या की पण नकोत, त्या बऱ्याचदा कुठल्यातरी संस्थेच्या नावच्या असतात, कधीही रद्द होतात.

आता करा काय, तर आधी मेल आणि बँकेचे पासवर्ड फोनवरनं बदला, त्या मशीनवरनं नाही, आणि सगळ्या डिव्हाइसवरनं लॉगआउट करा. पैसे गेले असतील तर लगेच १९३० ला, म्हणजे सायबर फसवणुकीच्या सरकारी हेल्पलाइनला फोन. मग डिझाइनं वेगळ्या डिस्कवर घेऊन विंडोज नव्यानं टाका. ज्यावर रोजची भाकरी आहे त्या एका सॉफ्टवेअरचं लायसन्स घ्या, बाकीला डिझाइनसाठी इंकस्केप, फोटोसाठी गिम्प, ऑफिसच्या कामाला लिब्रेऑफिस फुकट आहेत आणि धंद्यालाही चालतात. कोरलच्या जुन्या फाइली इंकस्केपमध्ये उघडतात, पण सगळ्या जशाच्या तशा नाही, म्हणून लग्नसराई सुरू व्हायच्या आत सवय करून घ्या. आणि जुन्या डिस्कवरचा सेटअपचा फोल्डर काही परत कॉपी करू नका, तो पॅच त्यातच असणार.